पावती सापडेल, प्रदर्शन सापडणार नाही

आमचे चित्रकलेचे सर वारले, त्यानंतर वर्षभराने त्यांच्या मुलीने मला एक काम सांगितलं. सरांचं आयुष्यात एकच एकल प्रदर्शन झालं होतं, आमच्या शहरातल्या महापालिकेच्या कलादालनात, तीन दिवसांचं. साल १९८५ की ८६, यावर घरात एकमत नव्हतं. किती चित्रं होती, कुठली होती, उद्घाटन कोणी केलं, काहीच धड ठाऊक नव्हतं. तिला वडिलांवर एक छोटी पुस्तिका काढायची होती आणि त्यात हा तपशील हवा होता. मी म्हटलं, सरकारी जागा आहे, कुठेतरी नोंद असेलच. जाऊन बघतो.

कार्यालयातले गृहस्थ भले होते. त्यांनी बसायला खुर्ची दिली, चहा मागवला, आणि सगळं ऐकून घेतल्यावर शांतपणे म्हणाले, "भाडं भरलं असेल तर पावती फाटली असणार. पण इतक्या जुन्या पावत्या कोण ठेवतंय? ऑडिट झालं, मुदत संपली, की रद्दीत." प्रदर्शनाची नोंद? "तीच नोंद. भाड्याची." मग मला वाईट वाटू नये म्हणून की काय, ते मला खाली घेऊन गेले आणि दारापाशी बसवलेली संगमरवरी कोनशिला दाखवली. महापौर, आयुक्त, स्थायी समितीचे अध्यक्ष, शहर अभियंता, ठेकेदार, सगळ्यांची नावं तिच्यावर कोरलेली. "बघा, यात सगळी माहिती आहे."

खरंच होती. इमारत कोणी बांधली याची. त्या इमारतीत पुढची चाळीसेक वर्षं काय झालं, याबद्दल महापालिकेकडे एक ओळ नव्हती.

हा एका कार्यालयाचा किंवा एका गृहस्थाचा दोष नाही, म्हणून तर लिहावंसं वाटलं. कलादालन चालवणं म्हणजे हॉल भाड्याने देणं, अशी आपल्याकडच्या बहुतेक महापालिकांची समजूत आहे आणि ती त्यांच्या कागदपत्रांत चोख उतरलेली आहे. अर्ज येतो, तारीख मिळते, भाडं आणि अनामत भरली जाते. चित्रकार टेम्पोतून फ्रेमा आणतो, नायलॉनची दोरी आणि हुक घेऊन रात्री उशिरापर्यंत भिंतीशी झटतो. सकाळी समई पेटते, फीत कापली जाते, पाहुणे दोन शब्द बोलतात. तीन दिवसांनी सगळं उतरतं. शिपाई भिंतीला खिळा तर मारला नाही ना हे बघतो आणि अनामत परत मिळते. महापालिकेच्या लेखी तिथे जे घडलं ते एवढंच. प्रदर्शनाबद्दलचा सगळ्यात मोलाचा कागद, म्हणजे दारातल्या टेबलावरची अभिप्रायवही, चित्रकार काखोटीला मारून घरी नेतो आणि ती पुढे कधीतरी घर बदलताना हरवते.

मला म्हणायचं आहे ते इतकंच: महापालिकेच्या कलादालनाचा प्रदर्शन-इतिहास हा सार्वजनिक दस्तऐवज आहे, जन्ममृत्यूच्या नोंदीइतका नसेल, पण बांधकाम परवान्याच्या नोंदीइतका नक्कीच. तो न ठेवणं ही कर्तव्यातली कसूर आहे. आणि तो ठेवायला नवी इमारत, नवी समिती किंवा नवं अंदाजपत्रक यांपैकी काहीही लागत नाही.

आधी एक गैरसमज दूर करतो. भाड्याने जागा देण्याची ही पद्धत वाईट आहे असं मी म्हणत नाही. उलट ती आपल्याकडची सगळ्यात लोकशाही कलाव्यवस्था आहे. मुंबईत जहांगीर आर्ट गॅलरी १९५२ साली उघडली. ती एका विश्वस्त संस्थेची आहे, अर्ज तपासले जातात आणि तारखेसाठी वर्षानुवर्षं थांबावं लागतं, हे कुठल्याही चित्रकाराला विचारा. खासगी गॅलऱ्या तर बोलावल्याशिवाय दारात उभं करत नाहीत. महापालिकेच्या कलादालनात मात्र अर्ज आणि पैसे एवढंच लागतं. पुण्याचं बालगंधर्व रंगमंदिराच्या आवारातलं कलादालन घ्या किंवा घोले रस्त्यावरचं राजा रविवर्मा कलादालन घ्या. आज जलरंगातली निसर्गचित्रं, पुढच्या आठवड्यात गडकिल्ल्यांची छायाचित्रं, मग व्यंगचित्रं, मग नाणी, मग कुणाच्या तरी आजींनी साठ वर्षं जपलेलं भरतकाम. यातलं सगळंच काही थोर नसतं. काही तर बघवत नाही. पण 'तू कोण?' असं तिथे कोणी विचारत नाही, ही गोष्ट मला फार मोलाची वाटते. निवड समिती आली की समितीवर कोण, हा प्रश्न आला. आणि महापालिकेत त्या प्रश्नाचं उत्तर कसं निघतं ते सगळ्यांना माहीत आहे.

तेव्हा दार उघडंच राहू दे. प्रश्न दाराचा नाही, स्मरणाचा आहे.

कारण त्या दारातून आत आलेली माणसं कोण होती ते पाहा. ए.टी.डी. ही कलाशिक्षकाची पदविका करून शाळेत लागलेले कलाशिक्षक, ज्यांनी हजारो पोरांकडून एलिमेंटरी-इंटरमिजिएटची स्थिरचित्रं काढून घेतली आणि स्वतःची चित्रं सुट्टीत काढली. बँकेतले, टपाल खात्यातले, एस.टी.तले हौशी छायाचित्रकार. साइनबोर्ड रंगवणारे, सिनेमाची पोस्टरं रंगवणारे, गणपतीचे साचे करणारे. लग्नानंतर ब्रश बाजूला ठेवून मुलं मोठी झाल्यावर पुन्हा हाती घेतलेल्या बायका. महाराष्ट्रातल्या कलेचा जो इतिहास छापला गेला आहे त्यात हा थर जवळजवळ नाही. तो थर वाईट होता म्हणून नाही. त्याचे कागद उरले नाहीत म्हणून. इतिहास लिहिणारा माणूस शेवटी कागदाच्या मागे जातो. जिथे कागद असेल तिथे तो वळतो आणि ज्याचा कागद नाही तो माणूस झालाच नव्हता असं हळूहळू ठरतं.

ज्यांचे कागद उरले त्यांचं काय झालं तेही बघा. बॉम्बे आर्ट सोसायटी १८८८ साली निघाली आणि आपल्या वार्षिक प्रदर्शनांचे कॅटलॉग छापत राहिली. अमृता शेरगिलला १९३७ साली तिथलं सुवर्णपदक 'तीन मुली' या चित्रासाठी मिळालं हे आज शाळकरी पुस्तकातही सापडतं. प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुप या तरुण चित्रकार-शिल्पकारांच्या गटाचं मुंबईतलं प्रदर्शन ७ जुलै १९४९ रोजी सोसायटीच्या रॅम्पार्ट रोवरच्या दालनात उघडलं, उद्घाटन लेखक मुल्कराज आनंद यांनी केलं, सूझा, रझा, हुसेन, आरा, गाडे आणि बाकरे या सहा जणांची कामं होती. आपल्याला दिवससुद्धा माहीत आहे. त्या दिवशी ते सहा जण आजच्याइतके मोठे नव्हते. त्यांचा कागद आधी झाला, मोठेपण मागाहून आलं. हा क्रम लक्षात ठेवण्यासारखा आहे, कारण 'अहो, नोंद ठेवायची तर कोण मोठा होणार हे आधी कळायला हवं ना' असं मला एका निवृत्त अधिकाऱ्यांनी खरोखर विचारलं होतं. कळत नाही, म्हणूनच सगळ्यांची ठेवायची.

कॅटलॉग म्हणजे नुसती आठवण नसते, कधी कधी तो पुरावा होतो. याची एक गोष्ट डब्लिनची आहे आणि ती मला फार आवडते, कारण तिथलं कलादालनही महापालिकेचंच. ह्यू लेन नावाच्या चित्रव्यापाऱ्याच्या पुढाकाराने २० जानेवारी १९०८ रोजी हारकोर्ट स्ट्रीटवरच्या एका जुन्या घरात डब्लिनचं आधुनिक कलेचं नगरपालिका-दालन सुरू झालं. पहिल्याच प्रदर्शनाचा रीतसर कॅटलॉग निघाला. त्याच्या प्रस्तावनेत लेनने लिहून ठेवलं की युरोपीय चित्रकारांची माझी चित्रं मी इथे आणून ठेवली आहेत; कबूल केलेली कायमची इमारत काही वर्षांत उभी राहिली तर त्यांतली बहुतेक मी शहराला देईन. इमारतीवरून वाद झाला. लिफी नदीवर पुलासारखं दालन बांधायची वास्तुविशारद ल्युटेन्सची कल्पना १९१३ साली डब्लिनच्या कॉर्पोरेशनने फेटाळली. लेन चिडला, चित्रं लंडनला गेली, मृत्युपत्र लंडनच्या नावाने झालं. मग त्याचं मन पुन्हा वळलं आणि त्याने चित्रं डब्लिनला द्यावीत अशी पुरवणी लिहिली. सही केली, साक्षीदार घ्यायचे राहिले. ७ मे १९१५ रोजी लुसिटेनिया बोट बुडाली, तिच्यावर लेन होता. त्या ३९ चित्रांवरून दोन शहरं पुढची कित्येक दशकं भांडली आणि १९५९ साली कुठे चित्रं आळीपाळीने वाटून घ्यायचा करार झाला. बिनसाक्षीची पुरवणी कायद्यात टिकली नाही. पण लेनच्या मनात मुळात काय होतं हे सांगायला १९०८चा तो छापील कॅटलॉग होता. शहराची बाजू एका प्रदर्शनाच्या पुस्तिकेने धरून ठेवली. आपल्याकडे लेन निपजला असता तर त्याच्या भाड्याची पावतीच उरली असती, आणि तीही ऑडिट होईपर्यंतच.

आता जवळचं उदाहरण घेऊ, कारण 'ते परदेशात होतं' हे वाक्य ओठावर आलंच असेल. भायखळ्याला राणीच्या बागेच्या दारात डॉ. भाऊ दाजी लाड संग्रहालय आहे. ते मुंबई महापालिकेचं आहे हे पुष्कळ मुंबईकरांना सांगावं लागतं. माझ्या विषयाशी त्याचं नातं जुनं आहे, कारण ते संग्रहालय मुळात प्रदर्शनातूनच जन्मलं. लंडनचं १८५१चं महाप्रदर्शन आणि मग १८५५चं पॅरिसचं, यांच्यासाठी मुंबई इलाख्यातला कच्चा माल आणि कारागिरीच्या वस्तू गोळा झाल्या. तिकडे पाठवायच्या वस्तूंचे जोड इथे ठेवले गेले आणि त्यातून फोर्टातल्या टाउन बराकीत एक संग्रह उभा राहिला. १८५७च्या उठावात बराक लष्कराला हवी झाली आणि संग्रहाची जागा गेली. मग ब्रिटिश डॉक्टर जॉर्ज बर्डवूड, जगन्नाथ शंकरशेट आणि गोव्यातल्या मांद्र्याहून मुंबईला येऊन नामांकित वैद्य झालेले भाऊ दाजी यांनी लोकांकडून वर्गणी काढून स्वतंत्र इमारतीचा घाट घातला. कोनशिला १८६२ची, मध्ये शेअरबाजाराचा फुगा फुटला, पैसे आटले, काम रखडलं, अखेर १८७२ साली व्हिक्टोरिया आणि आल्बर्ट म्युझियम लोकांसाठी उघडलं. १९७५ साली त्याला भाऊ दाजींचं नाव मिळालं.

नाव मिळालं, पण लक्ष मिळालं नाही. विसावं शतक संपेपर्यंत इमारत गळत होती आणि लोक प्राणी बघून झाल्यावर उन्हातून सावलीला म्हणून आत डोकावत. २००३ साली महापालिका, वारसा जपणारी इंटॅक ही संस्था आणि जमनालाल बजाज फाउंडेशन यांच्यात करार झाला, संवर्धनाचं काम झालं, २००५ साली त्याला युनेस्कोचा आशिया-पॅसिफिक विभागातला सर्वोच्च वारसा पुरस्कार मिळाला आणि २००८ साली संग्रहालय पुन्हा उघडलं. इथपर्यंतची कथा इमारतीची. ती सगळे सांगतात, फोटोही तिचेच निघतात: सोनेरी नक्षी, ओतीव लोखंडाचे खांब, हिरवट भिंती.

मला अधिक महत्त्वाची वाटते ती पुढची गोष्ट. संग्रहालयाने आजच्या चित्रकारांना बोलावून, आमच्या या जुन्या कपाटांशी आणि मातीच्या बाहुल्यांशी तुम्ही काय बोलाल ते बोला, असं सांगायला सुरुवात केली. सुदर्शन शेट्टी, जितीश कल्लाट, नलिनी मलानी, अतुल दोडिया अशी ही रांग आहे. दोडियांनी २०१४च्या सुमारास केलेल्या प्रदर्शनाचं नावच होतं '७००० म्युझियम्स', या प्रजासत्ताकासाठी कल्पिलेली सात हजार संग्रहालयं. घाटकोपरला वाढलेल्या चित्रकाराने महापालिकेच्या संग्रहालयात बसून देशभरातल्या संग्रहालयांचं स्वप्न रंगवावं यात जो खट्याळपणा आणि जी कळकळ आहे ती मला एखाद्या धोरणपत्रिकेत सापडलेली नाही. आणि २०१३ साली रीना कल्लाट यांनी संग्रहालयाच्या दर्शनी भिंतीवर भलंमोठं कोळ्याचं जाळं टांगलं. जवळ गेल्यावर कळायचं की जाळं रबरी शिक्क्यांचं आहे. शेकडो शिक्के, आणि प्रत्येकावर मुंबईतल्या एकेका रस्त्याचं जुनं, आता बदललेलं इंग्रजी अमदानीतलं नाव. नाव बदलायचा ठराव महापालिकेचा, शिक्का महापालिकेचा, भिंत महापालिकेची. आपल्याच मालकाची अशी गोड फिरकी घेणारी कलाकृती महापालिकेच्या इमारतीवर लागली आणि कोणाचं काही बिघडलं नाही.

हे सगळं मी आज लिहू शकतो ते का? मी ते प्रत्येक वेळी पाहिलं म्हणून नाही. यातलं निम्मं मी पाहिलेलं नाही. लिहू शकतो कारण त्याची नावं, सालं, छायाचित्रं, पुस्तिका आहेत. ती ठेवली गेली.

भाऊ दाजी लाड संग्रहालयाची व्यवस्था निर्दोष आहे असं मला म्हणायचं नाही. सार्वजनिक संस्था एका विश्वस्त रचनेतून चालवायची तर निवड कोण करतो, कुणाला उत्तर देतो, मराठी फलक किती ठळक असतात, राणीच्या बागेत पोराबाळांसह आलेल्या कुटुंबाला समकालीन कला आपली वाटते की नाही, हे प्रश्न विचारले गेलेत आणि ते विचारलेच पाहिजेत. पण ते विचारता येतात हेच मुळात महत्त्वाचं. कोणाची प्रदर्शनं झाली याची यादी समोर असली की 'यात कोण नाही?' हा प्रश्न कुणीही विचारू शकतो. किती बायका, किती दलित चित्रकार, मुंबईबाहेरचे किती, मोजता येतं. ज्या कलादालनात यादीच नाही तिथे पक्षपात झाला नाही असं नाही. तो दिसत नाही इतकंच.

म्हणजे आपल्याकडे महापालिकांच्याच छत्राखाली दोन तऱ्हा आहेत. एकीकडे दार निवडून उघडतं आणि आत काय झालं ते लक्षात ठेवलं जातं. दुसरीकडे दार सताड उघडं आहे आणि आत काय झालं ते कुणाच्याच लक्षात नाही. दुसऱ्या तऱ्हेला पहिलीची स्मरणशक्ती द्यायची, निवडीचा हट्ट न देता, एवढंच माझं मागणं आहे.

आता कामाचं बोलू. सरकारी कार्यालयात कागदांची वर्गवारी असते, हे ज्याने कधी जुना दाखला काढला आहे त्याला ठाऊक असतं. 'अ' वर्गातला कागद कायम ठेवायचा, 'ड' वर्गातला वर्षभरात नष्ट करायचा, अधले वर्ग मधल्या मुदतीचे. प्रदर्शनाची नोंद आज भाडेपावतीच्या रूपाने हिशेबाच्या कागदांत पडते आणि हिशेबाच्या कागदाचं आयुष्य हिशेब तपासून होईपर्यंत. तेव्हा पहिली गोष्ट: कलादालनाची प्रदर्शन-नोंदवही हा वेगळा अभिलेख ठरवायचा आणि तो 'अ' वर्गात टाकायचा. एक कार्यालयीन आदेश, एक सही. माहिती अधिकार कायदा आला त्याच २००५ साली महाराष्ट्राने स्वतःचा सार्वजनिक अभिलेख कायदाही केला. माहिती अधिकाराचं कलम ४ तर प्रत्येक प्राधिकरणाने आपले अभिलेख सूची करून नीट लावून ठेवावेत असं सरळच सांगतं. नवीन काही मागत नाही आहोत.

दुसरी गोष्ट याहून सोपी. महापालिकेच्या हातात एक नामी हुकमाचं पान आहे, ते म्हणजे अनामत. प्रदर्शन उतरल्यावर चित्रकार अनामत परत घ्यायला येतोच येतो, कितीही विसरभोळा असला तरी. परत घेताना त्याने चार गोष्टी जमा करायच्या: निमंत्रणपत्रिकेच्या दोन प्रती, मांडलेल्या कलाकृतींची यादी, भिंतींची पाच-सहा छायाचित्रं, मोबाइलवरची चालतील, आणि अभिप्रायवहीच्या पानांची प्रत. भिंतीला खिळा मारला नाही हे जसं बघतात तसं हे बघायचं. यात महापालिकेचा एक रुपया जात नाही. कारकुनाचा एका प्रदर्शनामागे अर्धा तास जातो. एवढं झालं तर दहा वर्षांत कुठल्याही मध्यम शहराकडे आपल्या कलाजीवनाचा असा संग्रह तयार होईल की विद्यापीठं मागे लागतील.

यादी करताना एक बारीक गोष्ट पाळावी लागेल, ती सांगतो, कारण ती मला याच कामात कळली. बायकांची नावं. सत्तरच्या दशकातल्या समूह प्रदर्शनात 'कु.' म्हणून एका आडनावाने आलेली मुलगी नव्वदच्या दशकात 'सौ.' म्हणून दुसऱ्या नावाने, दुसऱ्या आडनावाने येते, आणि कागदावर त्या दोन वेगळ्या बायका होतात. एकीची सुरुवात दिसते पण पुढचं काही नाही. दुसरी एकदम पन्नाशीत उगवते. दोन्ही नावं एका ओळीत लिहायला रकाना हवा. इतकी साधी गोष्ट, पण तेवढ्याने काही आयुष्यं सांधली जातील.

आक्षेप मला पाठ आहेत. पहिला असा की अर्धी प्रदर्शनं कचरा असतात: साड्यांचा सेल, पुढाऱ्याच्या वाढदिवसानिमित्त त्याच्याच छायाचित्रांचं दालन. तीही नोंदवा. शहराच्या भिंती कोणत्या दशकात कोणासाठी राखल्या गेल्या हे पुढच्या पिढीला त्यातूनच कळेल, आणि वाढदिवसाचं दालन किती दिवस आणि किती भाड्यात मिळालं हेही. दुसरा आक्षेप, न्यूयॉर्कच्या म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टने २०१६ साली १९२९पासूनचा आपला सगळा प्रदर्शन-इतिहास, तीसेक हजार छायाचित्रांसह, लोकांना खुला केला, पण त्यांच्याकडे पैसा आहे, आपल्याकडे शिपाईसुद्धा पुरेसे नाहीत. खरं आहे. पण त्यांनी १९२९ साली संगणक घेऊन सुरुवात केली नव्हती. त्यांनी कागद फेकला नाही, एवढंच केलं.

तिसरा आक्षेप कोणी उघड बोलत नाही, पण तो खरा आहे: नोंद ठेवली की ती अंगाशी येते. १९५४ साली चित्रकार अकबर पदमसी यांच्या जहांगीरमधल्या प्रदर्शनात 'लव्हर्स' या विषयावरच्या चित्रांना पोलिसांनी अश्लील ठरवलं, काढायला सांगितलं, त्यांनी नकार दिला, खटला झाला आणि ते सुटले. ही गोष्ट आपल्याला कळते ती न्यायालयात गेली म्हणून. महापालिकेच्या कलादालनात असं काही घडतं तेव्हा ते न्यायालयापर्यंत जात नाही. एक फोन येतो, कोणीतरी 'जरा समजून घ्या हो' म्हणतं आणि दुपारनंतर भिंतीवर एक मोकळी चौकट दिसते. चित्रकाराला पुढच्या वेळी तारीख हवी असते, म्हणून तो गप्प. नोंदवहीत 'चित्र क्र. अमुक, तमुक तारखेला, कोणाच्या सांगण्यावरून उतरवलं' असा रकाना असेल तर तो फोन करणारा दोनदा विचार करील. मला वाटतं नोंद न ठेवण्यातली खरी सोय ही आहे, आणि तिची किंमत चित्रकार मोजतात.

या घडीला हा विषय काढायचं आणखी एक कारण आहे. आपल्या शहरांतल्या जुन्या सांस्कृतिक इमारती एकामागून एक पुनर्विकासाच्या आराखड्यात येत आहेत. १९६८ साली उघडलेल्या बालगंधर्व रंगमंदिराच्या पुनर्विकासावरून पुण्यात किती वर्षं वाद चालला आहे ते सगळ्यांनी पाहिलं. पाडावं की ठेवावं, यावर दोन्ही बाजूंनी भरपूर बोललं गेलं. पण बोलणं जवळजवळ सगळं नाटकाचं झालं, आणि ते साहजिक आहे. नाटकाची आठवण प्रेक्षकांच्या तोंडी असते, जाहिरातींत असते, नटांच्या आत्मचरित्रांत असते. त्याच आवारातल्या कलादालनात काय काय होऊन गेलं हे सांगायला कुणी उभं राहिलं नाही, कारण सांगायला हाताशी काही नाही. इमारत वाचली तरी ते परत येणार नाही आणि पडली तर गेलं हे कळणारही नाही. भाऊ दाजी लाड संग्रहालयाच्या आवारात घारापुरीहून आणलेला दगडी हत्ती उभा आहे. १८६४च्या सुमारास तो विलायतेला न्यायचा प्रयत्न झाला, उचलताना पडून त्याचे तुकडे झाले, ते तुकडे बागेत पडून राहिले आणि १९१४ साली पुन्हा जोडून त्याचा हत्ती केला. तो दगड होता, पन्नास वर्षं पावसात पडून राहिला तरी टिकला. निमंत्रणपत्रिका एका पावसाळ्यात जाते.

सरांच्या प्रदर्शनाचा शोध शेवटी लागला, पण कार्यालयात नाही. त्यांच्या एका जुन्या विद्यार्थ्याकडे, जो आता फ्रेमा बनवण्याचं दुकान चालवतो, एका वहीत दुमडून ठेवलेली पत्रिका निघाली. एकाच रंगात छापलेली, आतल्या पानावर चित्रांची यादी, क्रमांक १ ते ३८, पुढे किमती. साल १९८६. सतरा नंबरसमोर पेन्सिलने बारीक अक्षरात सरांनीच लिहिलं होतं, 'गेलं. १५०.' बाकी सदतीस नंबरांसमोर काही नव्हतं.

त्या पत्रिकेच्या झेरॉक्स काढून मी एक प्रत मुलीला दिली आणि एक घेऊन पुन्हा त्या कार्यालयात गेलो. म्हटलं, तुमच्याकडे असू द्या. गृहस्थांनी ती हातात घेतली, उलटसुलट बघितली, यादी वाचली. आपल्याच कलादालनातली गोष्ट म्हणून त्यांना खरोखर आनंद झाल्यासारखा वाटला. मग त्यांनी मागच्या कपाटाकडे बघितलं, टेबलावरच्या फायलींकडे बघितलं आणि मला विचारलं, "ठेवतो हो. पण लावू कुठल्या नस्तीत?"